बोटामागून धावणारा रंग

आत्या माझ्या हातावरून बोट फिरवायची. मनगटापासून कोपरापर्यंत, सावकाश, जरा दाबून. मग मान वाकडी करून हाताकडे बघायची आणि समोर गिऱ्हाईक उभं असल्यासारखी ओरडायची, "जिती हाय गो बाय, जिती! घेऊन जा, पुना भेटायची नाय!" मी खिदळत हात मागं घ्यायची. आमच्या घरात लाड करायची दुसरी काही रीत नव्हती. आई कामातून मान वर करत नसे. बाबा कारखान्यातून आले की भिंतीला पाठ लावून डोळे मिटत. लाड करायची ती आत्या, आणि तेही असे, मासळी पारखल्यासारखे.

ही पारख माकलीची. काही जण तिला माकूल म्हणतात. अंगानं चपटी पिशवी, तोंडापाशी पायांचा झुपका, आणि आत एक पांढरं, हलकं हाड. त्या हाडाला बाजारात समुद्रफेन म्हणतात, लोक ते पोपटाच्या पिंजऱ्यात अडकवायला नेतात. ताज्या माकलीच्या पाठीवर मिरपूड सांडल्यासारखे बारीक ठिपके असतात. त्यांच्यावरून बोट ओढलं की ठिपके फुगतात, बोटाच्या मागोमाग एक तपकिरी रेघ धावत जाते आणि थोड्या वेळानं विरते. माकली मेलेली असते, बर्फात पडलेली असते, तरी तिची कातडी काही तास जागी असते. शिळी झाली की रेघ येत नाही. सगळं अंग गुलाबीसर, चिकट, एकाच रंगाचं होऊन बसतं. मग त्यावर कितीही पाणी मारा, कितीही बर्फ घाला, कातडी बोटाला उत्तर देत नाही.

मी हे लिहायला बसले तेव्हा ऐरोलीच्या नातीनं बजावलं, "आजी, रागात लिहू नको हां. लोकांना टेन्शन येतं वाचताना." मी म्हटलं, मग कशात लिहू? माझ्याकडे दुसरं काय आहे? आज वाशीपासून बेलापूरपर्यंतच्या हॉटेलांत माझ्या गाड्या मासळी पोचवतात, हॉटेलांचे मॅनेजर माझ्याशी भाव करायला घाबरतात, हे सगळं मी रागावर उभं केलं. शिक्षण नव्हतं, नवऱ्याचा आधार फार दिवस नव्हता. राग तेवढा माझा स्वतःचा होता, आणि तो कुठून आला ते सांगितल्याशिवाय पुढचं काही सांगता येणार नाही.

आमचं घर तळवलीत. पुढं ठाणे-बेलापूर रस्ता, मागं खाडी. सकाळी कारखान्याचा भोंगा आणि कोंबडा जवळजवळ एकाच वेळी ओरडायचे, आणि बाबा भोंग्याला उठायचे. त्यांच्या बापानं खाडीत जाळी टाकली होती, त्यांनीही तरुणपणी टाकली. मग खाडीच्या पाण्याला रंग यायला लागला, मासळीला रॉकेलसारखा वास यायला लागला, आणि बाबांनी जाळं पोटमाळ्यावर टाकून कारखान्याची पाळी धरली. ओहोटीला चिखलाचा वास घरात शिरायचा. त्यात आईच्या तव्यावरच्या सुक्या बोंबलांचा वास, आणि पावसाच्या आधी महिनाभर मसाला कुटण्याचा ठसका. मुसळाचा आवाज शेजारच्या घरातून आमच्या घरात आणि आमच्या घरातून पुढच्या घरात असा आळीभर फिरायचा. बायका कुटता कुटता एकमेकींची उणीदुणी काढायच्या. मला तो आवाज अजून झोपेत येतो. आता त्या आळीत चार-चार मजले चढलेत आणि मसाला पाकिटातून येतो.

हिराआत्या बाबांची थोरली बहीण. लग्न होऊन गेली होती, नवरा लवकर वारला, मूलबाळ नव्हतं, म्हणून माहेरी परत आली आणि पुढच्या खोलीत राहिली. पण आश्रित म्हणून नाही. बाबांचा पगार येई न येई, घर चालायचं ते आत्याच्या पाटीवर. वाशीच्या मासळी बाजारात तिची जागा होती. दारातून आत शिरलं की उजव्या हाताची पहिली. डोक्यावर पत्रा, पाठीमागं पाण्याचा नळ, आणि येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाची नजर आधी तिच्यावर. वाशी नुकती वसत होती तेव्हा आत्या गोणपाट टाकून तिथं बसली होती. पोलिसाशी भांडली, दुसऱ्या बायकांशी भांडली, उठली नाही. तेव्हापासून ती जागा तिची. कागद कोणाकडेच नव्हता.

कागद नव्हता म्हणून रीत होती. पावसाळ्यात समुद्र बंद असतो. नारळी पौर्णिमा झाली, होड्या गेल्या, नवी मासळी आली, की बाजाराचा पहिला दिवस. जिला आपली जागा दुसरीला द्यायची असेल ती त्या दिवशी देते. म्हातारी आपलं बसायचं गोणपाट चारपदरी घडी करून अंथरते, कोयत्याला कुंकू लावून नवीच्या हातात देते, नारळ फुटतो, आणि वर्षाची पहिली भवानी, म्हणजे पहिली विक्री, नवीच्या हातून होते. आजूबाजूच्या बायका बघतात. त्यांनी बघितलं म्हणजे झालं. पुढं कोणी म्हणू शकत नाही की जागा हिची नाही. मला त्या घडीच्या गोणपाटावर बसायचं होतं. दुसऱ्या कशाचं स्वप्न मी पाहिल्याचं मला आठवत नाही.

आत्या मला पहिल्यांदा भाऊच्या धक्क्यावर घेऊन गेली तेव्हा मी शाळा सोडली होती. गावातल्या बायका मिळून टेम्पो करायच्या आणि उजाडायच्या आत निघायच्या. धक्क्यावर मी आधी नुसती घाबरले. केवढी माणसं, केवढा आरडाओरडा, पायाखाली बर्फाचं पाणी. तिथं होडीवरच्या एका तांडेलानं, म्हणजे नाखव्यानं, घमेल्यात समुद्राचं पाणी घेऊन एक जिवंत माकली ठेवली होती, पोरांना गंमत दाखवायला म्हणून. घमेलं काळं होतं, माकली काळपट होती. मला आधी ती दिसलीच नाही. त्यानं मूठभर शिंपले आणि वाळू आत सोडली. माकली खाली बसली, आणि बघता बघता तिच्या अंगावर पांढरे डाग आले, कडेला वाळूचा रंग आला. नुसता रंगच नाही, गुळगुळीत कातडीवर बारीक उंचवटे उभे राहिले, शिंपल्यांवर असतात तसे खडबडीत. तांडेलानं बोट जवळ नेलं तर एका क्षणात सगळी पांढरीफटक पडली, मग पट्टे आले, मग काळा धूर सोडल्यासारखी शाई. मी आत्याचा पदर धरून उभी होते.

"असं का करते गो आत्या?"

"पोट हाय ना तिला," आत्या म्हणाली. "जिता ऱ्हायचा त जिथं बसली तिथली व्हयाला लागते."

"आणि मग तिचा खरा रंग कोणता?"

आत्या हसली. "तिला इचार. मना कशाला इचारतंस?"

मी ते बोलणं तेव्हा हसण्यावारी नेलं. आता त्या घमेल्यापाशी परत जाता आलं तर मी माकलीकडे नाही, आत्याच्या तोंडाकडे बघेन.

त्या दिवसापासून मी रोज गेले. भाव करायला मी तिथंच शिकले. दलालानं बोली फोडली की त्याच्याकडे बघायचं नाही, मासळीकडे बघायचं आणि तोंड वाईट करायचं. आपल्याला जो माल हवा आहे त्याला हात लावायचा नाही, शेजारच्याला लावायचा. आत्या म्हणायची, "तोंडावर काय येऊ द्यायचा नाय, सुमे. तोंड वाचला का भाव चढला." माझा स्वभाव तापट, माझ्या तोंडावर सगळं यायचं. त्यावरून ती मला चिमटे काढायची. पण माकल्यांच्या बाबतीत मी तिच्यापेक्षा सरस झाले, आणि त्याचं कारण तिच्या डोळ्यांत होतं. तिला मोतीबिंदू उतरत होता. पापलेट, सुरमई तिला कल्ल्यावरून आणि वासावरून कळायची, पण माकलीच्या पाठीवरचे ठिपके आता तिला दिसत नव्हते. बोट ती फिरवायची, पण रेघ आली की नाही ते मी सांगायची. बाजारात कोणाला हे कळू द्यायचं नव्हतं. म्हणून आम्ही खूण ठरवली होती. रेघ आली तर मी तिच्या पाठीला गुडघा लावायची, नाही आली तर नाही. एवढ्या वर्षांत कोणाला संशय आला नाही.

वाशीत तेव्हा चायनीज खाण्याचं वेड नुकतं आलं होतं आणि माकलीला कधी नव्हे तो भाव आला होता. एक हॉटेलवाला अण्णा रोज यायचा, पांढरी लुंगी, कपाळाला गंध. बाजारात पाच जणींकडे माकली असली तरी तो आमच्याकडेच थांबायचा. "सुमीचा बोट लागल्याशिवाय आपण माल उचलणार नाय," असं मोठ्यानं सांगायचा. शेजारची गंगूमावशी जळायची. "बोट हाय का रबरस्टँप?" म्हणायची. आत्या नुसती हसायची आणि घरी आल्यावर माझ्या हातावरून बोट फिरवून म्हणायची, "माजं डोलं हायस तू. माज्या मांगं तूच बसायची तिथं." हे ती एकदा नाही, कितीदा म्हणाली. आईसमोर म्हणाली, दादासमोर म्हणाली. दोघंही तेव्हा काही बोलली नाहीत. न बोलण्याला मी होकार समजले.

दादाचं, म्हणजे माझ्या थोरल्या भावाचं लग्न त्या उन्हाळ्यात झालं. वहिनीचं नाव रंजना. दोन गावं पलीकडची, गोरी, नाजूक, माझ्याच वयाची. साखरपुड्याला मला नेलं नव्हतं. घरी कोणीतरी राहायला हवं, आणि बाजार बंद ठेवायचा नाही, म्हणून मी एकटी पाटी घेऊन बसले. मला त्याचा अभिमानच वाटला होता, की आता एवढी जबाबदारी माझ्यावर टाकतात.

हळद उतरली आणि आत्या म्हणाली, "सुमे, रंजीला माकली शिकव. घरात दोघींना यायला पायजे." त्यात खोट काढण्यासारखं काही नव्हतं. मी शिकवलं. मनापासून शिकवलं, हेच मला जाळतं. रंजनाला आधी हात लावायची किळस यायची. पहिल्याच दिवशी तिच्या हातून शाईची पिशवी फुटली आणि दादाचा लग्नातला पांढरा शर्ट काळा झाला. आम्ही दोघी इतक्या हसलो की आई बाहेर आली. मी तिला दाखवलं, पाठ वर करायची, कडेनं चीर द्यायची, हाड अलगद बाहेर सरकवायचं, मग शाईची पिशवी देठाला धरून काढायची. डोळे कापताना तोंड लांब ठेवायचं. आणि शेवटी बोट. "नख वर ठेव वहिनी. जरा दाबून ओढ. रेघ बोटाच्या मागून यायला हवी, बोटाबरोबर नाही. बोटाबरोबर आली ती नुसती पाण्याची ओल." तिला पटकन यायचं. तिची नजर चांगली होती. गुडघ्याची खूणसुद्धा मीच तिला शिकवली, कारण आत्या म्हणाली, "एकादे दिवशी तुना ताप आला तर?"

पावसाळ्यात समुद्र बंद झाला, बाजारात बर्फातला माल तेवढा राहिला. घरात आत्या गोणपाट धुऊन वाळवत होती, पाऊस थांबेल तेवढ्या वेळात. नवं कुंकू आणलं. मी काही विचारलं नाही. विचारायचं नसतं. मला वाटत होतं की ती मला आश्चर्याचा धक्का देणार.

पहिल्या बाजाराच्या दिवशी आईनं पहाटे उठून माकलीचं सुकं केलं. आदल्या दिवशी ओळखीच्या होडीतून थोडी आली होती. खोबरं भाजलेलं, कोकम घातलेलं, आणि पायांचे तुकडे वेगळे तव्यावर कुरकुरीत केलेले. पायांचे तुकडे मला आवडतात हे आईला माहीत होतं, पण ते नेहमी दादाच्या ताटात जायचे. त्या दिवशी तिनं सगळे माझ्या ताटात वाढले. भाकरीवर भाकरी दिली. "खा," म्हणाली, "पोटभर खा." माझ्याकडे न बघता म्हणाली. तिनं इतक्या मायेनं मला कधी वाढलं नव्हतं. मी समजले, आज माझा दिवस म्हणून. मी भरपूर जेवले. आजही कोणी कुरकुरीत माकली समोर ठेवली तर मी ताट सरकवते. लोकांना वाटतं पोटाचं काही असेल.

धक्क्यावर मी एकटी उतरले. आत्या आणि वहिनी बाजारात थेट येणार होत्या. त्या दिवशी मी जो माल निवडला तसा नंतरही क्वचितच निवडला असेल. बोट लावायच्या आत ठिपके हलत होते, कातडीवर ढगांच्या सावल्यांसारखे रंग सरकत होते. मी तोंड वाईट केलं, शेजारच्या टोपलीला हात लावला, भाव पाडला आणि उचललं. टेम्पोत पाटी मांडीवर घेऊन बसले. कोणाचा धक्का लागू नये म्हणून.

बाजारात पोचले तेव्हा आमच्या जागेवर पाणी मारून झालं होतं. गोणपाटाची चारपदरी घडी अंथरलेली होती. आत्यानं कोयत्याला कुंकू लावलं. मी पाटी खाली ठेवली, हात धुतले, पदर खोचला आणि पुढं झाले. आत्यानं कोयता हातात घेऊन मान फिरवली आणि म्हणाली, "रंजे, ये गो. बस."

मला वाटलं, तिला कडेला बसायला सांगते आहे. वहिनी पुढं आली आणि घडीवर बसली. मी आजूबाजूला पाहिलं. सगळ्या बायका खाली मान घालून आपापल्या मासळीवर पाणी शिंपडत होत्या. रोज बोलून बोलून डोकं खाणाऱ्या बायका, एकही वर बघेना. नारळ फुटला. त्याच वेळी अण्णा दारातून आला, नेहमीसारखा मोठ्यानं बोलत.

"अरे वा, पहिला दिवस! सुमी, फिरव बोट!"

मी हात पुढं केला. आत्यानं तो मधेच अडवला. वहिनीचं मनगट धरून तिचा हात पाटीत नेला. "आता हिचा बोट बगायचा, अण्णा." वहिनीनं नख वर ठेवलं. जरा दाबून ओढलं. तपकिरी रेघ तिच्या बोटाच्या मागून धावत गेली, मी शिकवली होती तशी, मी निवडलेल्या माकलीवर. तिचा गुडघा आत्याच्या पाठीला टेकला.

"आत्या, ही माझी जागा आहे," मी म्हणाले.

"तुजी कशी?" तिचा आवाज चढला नाही. "आज ना उद्या तू लगीन करून जाशील. जागा काय तुज्या सासरी धाडू? जागा घरात ऱ्हायला पायजे."

"मग मला कशाला म्हणत होतीस? एवढी वर्षं माझे डोळे कशाला घेतलेस?"

आत्याच्या तोंडावर पहिल्यांदा काहीतरी हललं. डोळ्यांची गोष्ट अण्णासमोर निघाली होती. "ओरडू नको," ती दात आवळून म्हणाली. "गिराईक उबा हाय."

तेव्हा गंगूमावशीला राहवलं नाही. जी बाई माझ्यावर जळायची तिलाच तेवढी माझी दया आली. "सुमे," ती म्हणाली, "साखरपुऱ्यातच बोलनं झालता गो. पोरीच्या बापानं जागा मांगली, तवाच तुज्या घरच्यांनी व्हय म्हटलं. तुना घरात कोनी सांगलाच नाय?"

म्हणजे वहिनीला माहीत होतं. शर्टावर शाई उडाली आणि आम्ही हसलो तेव्हा माहीत होतं. आईला तवा ठेवताना माहीत होतं. दादाला माहीत होतं, बाबांना माहीत होतं, सगळ्या बाजाराला माहीत होतं. आणि माझ्याकडून बोट शिकवून घेईपर्यंत सगळी घमेल्यातल्या वाळूसारखी गप्प होती.

मी माकल्यांची पाटी उचलली. आत्या म्हणाली, "पाटी ठेव." मी म्हटलं, "हे माझं बोट आहे. पाटी माझी." बाहेर येऊन रस्त्याच्या पलीकडे, गटाराच्या कडेला, बाजाराच्या दाराच्या बरोबर समोर बसले. खाली गोणपाटही नव्हतं. ओरडायला लागले. ओरडताना काय काय बोलले ते छापण्यासारखं नाही. अण्णा बाहेर पडला तेव्हा त्याच्या पिशवीत पापलेट होतं. त्यानं माझ्याकडे पाहिलं, कसनुसा हसला आणि रिक्षा बोलावली. पहिल्या दिवशी घरच्या भांडणातला माल कोण घेणार?

कोणी थांबलं नाही. बर्फ वितळून गेला. मी मधून मधून माकलीवर बोट फिरवत होते. आधी रेघ धावत आली. मग हळू आली. मग नुसती सावलीसारखी उमटली आणि अर्ध्यात थांबली. ऊन डोक्यावर आल्यावर मी पुन्हा बोट ओढलं, आणि काहीच आलं नाही. बाजारातला सगळ्यात चांगला माल माझ्या मांडीवर गुलाबी, चिकट होत गेला. मी तो गटारात ओतला नाही. तिथल्या मांजरांना एकेक करून टाकला, आणि समोरच्या दाराकडे बघत राहिले.

घरी गेल्यावर आईला विचारलं, "तुला माहीत होतं?" ती म्हणाली, "मी काय बोलनार? घर तिच्यावर चालतं." एवढंच. दुसऱ्या दिवशी मी पुन्हा धक्क्यावर गेले आणि पुन्हा त्याच गटाराच्या कडेला बसले. त्याच्या दुसऱ्या दिवशीही. कधीतरी अण्णा रस्ता ओलांडून आला. मग बाकीचे आले. ती सगळी गोष्ट लोक माझ्या सत्काराला वगैरे सांगतात, टाळ्या पडतात. मला त्या टाळ्यांत कधी गोडी वाटली नाही. मला तो रस्ता ओलांडायचा होता, उलट दिशेनं.

आणि त्या जागेचं काय झालं ते ऐका. वहिनीला मासळीचा वास सोसेना. पोर झालं, मग दुसरं झालं, आणि जागा घरात राहायला हवी म्हणून जी माझ्याकडून काढून घेतली ती दादानं परक्या माणसाला भाड्यानं दिली. मी चढा भाव देऊन ती मागितली होती. दादा म्हणाला, "तुला दिली तर आत्याला काय तोंड दाखवू?" आत्या त्याच्या शेजारी बसून ऐकत होती. मी एवढ्या लोकांशी भाव केला, पण तो एक सौदा मला कधी जमला नाही.

परवा नातीनं मोबाईलवर एक व्हिडिओ दाखवला. माकल्यांचा. त्यात सांगत होते की कातडीत रंगाच्या बारीक पिशव्या असतात, भोवतीचे स्नायू त्या ताणतात आणि सोडतात, म्हणून ठिपका फुगतो आणि मिटतो. पिशवीचं मला बोटानं कधीच कळलं होतं. पण दोन गोष्टी नव्या होत्या. एक, माकलीला स्वतःला रंग बहुधा दिसतच नाहीत. ज्या रंगांनी ती जगाला फसवते ते तिनं कधी पाहिलेलेच नसतात. दुसरी, एका जातीचा नर असं करतो की मादी एका बाजूला आणि दुसरा नर दुसऱ्या बाजूला असला, तर मादीकडच्या अंगावर नराचे पट्टे आणतो आणि दुसऱ्या नराकडच्या अंगावर मादीचे डाग. एकाच वेळी, एकाच अंगावर. दोघांनाही आपापल्या बाजूचं खरं वाटतं. नात म्हणाली, "आजी, भारी ना?" मी म्हटलं, "बंद कर." तिला वाटलं मला कंटाळा आला. मला पुढची खोली दिसत होती. एका अंगाला मी, एका अंगाला वहिनी, मधे आत्या. माझ्या बाजूला ती म्हणत होती, माझे डोळे आहेस तू. मला तिची दुसरी बाजू कधी दिसली नाही, कारण मी तिथं बसलेली नव्हते.

आत्या शेवटी अंथरुणाला खिळली तेव्हा निरोप आला. मी जाणार नव्हते. माझा मुलगा म्हणाला, "जा, नंतर तुलाच लागून राहील." घर ओळखू येत नव्हतं, वर मजले, खाली भाडेकरू. आत्या खिडकीजवळच्या खाटेवर होती, मुठीएवढी झालेली. डोळे पूर्ण गेले होते. वहिनी मला बघून आत चहा करायला निघून गेली.

"कोन हाय?"

"सुमी."

तिनं तोंड आवाजाकडे वळवलं. मग म्हणाली, "ऐकते सगला. मोठी झालीस. गाऱ्या घेतल्यास. मीच शिकवला ना तुना?"

इतकी वर्षं मी मनात एक वाक्य धरून होते, तिच्या तोंडून ऐकायचं. मी म्हटलं, "आधी बोल, आत्या. काय केलंस ते बोल."

"काय केला? घराचा बगितला."

"एवढंच?"

"एवढाच." तिनं तोंड भिंतीकडे वळवलं. तोंडावर काही येऊ दिलं नाही. मरतानासुद्धा भाव उतरवला नाही. मग मीही माझा उतरवला नाही. मी खाटेच्या कडेवर ताठ बसून राहिले, श्वाससुद्धा सारखा ठेवून. तिला दिसत नव्हतं, तरी माझं तोंड मी दगडासारखं केलं होतं.

आत चहाच्या कपांचा आवाज झाला. आत्याचा हात गोधडीवरून चाचपडत आला. माझं मनगट सापडलं. तिनं बोट टेकवलं आणि सावकाश, जरा दाबून, कोपराकडे ओढत नेलं. तिला काही दिसणार नव्हतं. पण तिच्या बोटाच्या मागोमाग माझ्या हातावर काटा आला. एकेक केस उभा राहिला, आणि ते बोटाला कळलं. बोट थांबलं, मागं आलं, आणि त्याच वाटेनं पुन्हा फिरलं.

"जिती हाय," ती म्हणाली.

मी हात काढून घेतला. पण थोडा उशिरा.